जप्त गाडी आणि बाटलीवरची रेघ

झडती घ्या असं मीच म्हणालो होतो. हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर आमची ही मध्येच येऊन सांगेल, आणि ती सांगते तेव्हा माझा आवाज काढून सांगते.

आमच्या भागात दारूबंदी आहे. हद्दीवर नाका आहे, नाक्यावर फलक आहे, आणि फलकावर 'प्रत्येक वाहनाची तपासणी होईल' असं ठळक अक्षरांत लिहिलेलं आहे. मेहुण्यानं हद्दीपलीकडे जागा घेतली होती, तिथं त्याचं थोडं सामान पोचवून आम्ही परत येत होतो. गाडी ही चालवत होती. मेहुणा शाळेची बस चालवतो, पण माझ्या गाडीच्या चाकाला मी त्याला हात लावू देत नाही, म्हणून तो मागे बसला होता. मी पुढे बसून आरशात मागच्या गाड्यांवर नजर ठेवून होतो.

आमच्या पुढच्या पांढऱ्या गाडीला जमादारानं नुसता हात हलवून जाऊ दिलं. मला ते खटकलं. त्या गाडीच्या काचा काळ्या होत्या आणि आतल्या माणसानं जमादाराकडे पाहून मान डोलावली होती, ओळखीच्या माणसाला डोलवतात तशी. मग जमादारानं आम्हालाही हात हलवला. मी काच खाली केली.

"अहो, न तपासताच कसे सोडता? फलकावर काय लिहिलंय?"

"जा की काका. घरची माणसं दिसताय."

"घरची माणसं दिसतात तीच जास्त तपासायला हवीत."

"अहो, राहू द्या ना," ही म्हणाली. मागे मेहुणा खोकला. दोन्ही गोष्टी मी मनात टिपून ठेवल्या.

जमादारानं मला तीनदा विचारलं, नक्की तपासू का म्हणून. तिसऱ्यांदा तर तो जवळजवळ विनवत होता, कारण त्याचा चहा आला होता. मी म्हणालो, तपासाच. यालाच हात दाखवून अवलक्षण म्हणतात, पण हे मला नंतर कळलं. त्यानं डिकी उघडली, स्टेपनी उचलली, आणि खालून जुन्या बनियनात गुंडाळलेली एक बाटली काढली. पाऊण भरलेली होती. आत काय आहे हे बाहेरच्या चिठ्ठीवरच छापलेलं होतं.

"कोणाची?" जमादार म्हणाला.

मी म्हणालो, "आमची नाही."

"आणि गाडी?"

"गाडी माझी."

"मग झालं तर," असं म्हणून त्यानं थंड चहा ओतून दिला आणि कागद काढले.

आता इथं माझ्या स्वभावाबद्दल दोन शब्द सांगायला हवेत. सार्वजनिक वाचनालयात परत आलेली पुस्तकं घेण्याच्या खिडकीवर मी सव्वीस वर्षं आहे. पानं मोजल्याशिवाय मी पुस्तक घेत नाही. लोक मला हसतात, पण सव्वीस वर्षांत माझ्या खिडकीतून एक पानही गहाळ झालेलं नाही. घरीही मी तेल, मध, खोकल्याचं औषध, सगळ्या बाटल्यांवर पेनानं रेघ मारून ठेवतो, म्हणजे कोणी हात लावला तर कळतं. एकदा हिनं तेलाच्या बाटलीवरची माझी रेघ पुसून दोन बोटं खाली मारली, तेव्हा तेल वाढतंय कसं याचा मी आठवडाभर विचार करत होतो.

तर पंचनाम्यात जमादारानं 'अंदाजे तीन चतुर्थांश भरलेली' असं लिहिलं आणि मी त्याला थांबवलं. "अंदाजे म्हणजे काय? उद्या तुमच्या गोदामात कोणी घोटभर घेतला, तर पुरावा काय राहिला?" त्यानं मुकाट्यानं बाटलीला कागदाची पट्टी चिकटवली आणि निळं पेन माझ्या हातात दिलं. मी रेघ मारली, शेजारी सही केली, पंचनाम्यात तशी नोंद करायला लावली. इतकी सरळ रेघ मी आयुष्यात मारली नव्हती. मग गाडी तिथंच राहिली आणि आम्ही तिघं दोन बस बदलून घरी आलो.

बाटली मेहुण्याची आहे याबद्दल मला शंका नव्हती. तो खोकला होता, आणि गेले काही महिने तो सारखा पेपरमिंट चघळत होता. दुसरा संशय गॅरेजवाल्यावर होता, कारण गाडी त्याच्याकडे बुधवारभर होती आणि परत देताना तो फार गोड बोलला होता. तिसरा संशय तळमजल्यावरच्या काकांवर होता, पण ते सल्ला द्यायला सगळ्यांत आधी आले, म्हणून तो मी तात्पुरता मागे ठेवला.

हे काका पाणीपुरवठ्यातून निवृत्त झालेले. सांडपाण्याच्या एका नळावरून त्यांनी अकरा वर्षं खटला चालवला आणि ते हरले, तेव्हापासून आमच्या इमारतीत कायद्याच्या बाबतीत त्यांचाच शब्द चालतो. पंधरवड्यानं जप्ती अधिकाऱ्यांची नोटीस आली. दारूच्या वाहतुकीसाठी वापरलेलं हे वाहन सरकारजमा का करू नये, याचा खुलासा करा.

"ठणकावून लिहा," काका म्हणाले. "नरम लिहिलंत की सरकार डोक्यावर बसतं. तुम्ही कोण आहात हे त्यांना कळलं पाहिजे."

मी कोण आहे हे मी तीन पानं लिहिलं. त्यातलं एक वाक्य मला स्वतःलाच इतकं आवडलं की मी ते अधोरेखित केलं: 'मी अत्यंत दक्ष गृहस्थ असून माझ्या घरातील वा वाहनातील टाचणीसुद्धा माझ्या नजरेतून सुटत नाही.' काकांनी ते दोनदा मोठ्यानं वाचायला लावलं.

आदेश आला तो दीड पानी होता. त्यात माझं वाक्य जसंच्या तसं उतरवून घेतलं होतं, अधोरेखनासकट. पुढं लिहिलं होतं, 'ज्याच्या नजरेतून टाचणी सुटत नाही, त्याच्या नजरेतून बाटली सुटणे संभवत नाही. सबब वाहनमालकास पूर्ण माहिती होती असे मानून वाहन सरकारजमा करण्यात येत आहे.' लिलावाची तारीखही पडली होती.

काकांनी आदेश वाचला, घडी घातली आणि माझ्या हातात दिला. "वाक्य चांगलं होतं पण," ते म्हणाले.

गाडी जुनी होती. तिच्यावाचून माझं स्वतःचं काही अडत नव्हतं, मी वाचनालयात चालत जातो. अडलं होतं ते अप्पांचं, म्हणजे माझ्या वडिलांचं. अप्पा शाळेत चित्रकलेचे मास्तर होते, आता एक्याऐंशीचे आहेत. त्यांचे जुने सोबती, त्याच शाळेतले गणिताचे सर, नदीपलीकडच्या वृद्धाश्रमात असतात. दर गुरुवारी दुपारी मी कामावर असताना ही अप्पांना गाडीनं तिकडं न्यायची, पाचपर्यंत परत आणायची. बसची पायरी अप्पांचे गुडघे चढत नाहीत. एकदा रिक्षानं नेलं, तर दोन दिवस अंथरुणातून उठले नाहीत.

गाडी गेल्यापासून अप्पा गप्प झाले होते. एका गुरुवारी मला सुट्टी होती, तेव्हा पाहिलं. बरोबर तीन वाजता त्यांनी मोजे घातले, बूट घातले, नाड्या बांधल्या आणि दाराजवळच्या खुर्चीत बसून राहिले. पाच वाजता बूट काढले.

"कुठं जायचं होतं का, अप्पा?"

"नाही रे. पाय गार पडतात."

उन्हाळ्याचे दिवस होते. मला ते संशयास्पद वाटलं, पण कशाचा संशय घ्यावा ते कळेना.

त्याच दिवशी जेवताना मी जाहीर केलं, "ती बाटली ज्याची कोणाची असेल, त्याचं तोंड मी जन्मात पाहणार नाही." मेहुणा आला होता, माझा रोख त्याच्याकडे होता. तो ताटात बघत होता. अप्पांनी हिच्याकडे पाणी मागितलं, अर्धं प्यायले आणि पानावरून उठले. हिनं माझ्याकडे असं पाहिलं की मी तिलाही यादीत घेतलं.

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, पण चढायची म्हटलं तरी आधी वकिलाचा जिना चढावा लागतो. आमच्या वकीलबाईंचं ऑफिस तिसऱ्या मजल्यावर होतं आणि फायलींमुळे खिडकी अर्धीच उघडत होती. त्यांनी माझा खुलासा वाचला आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"हे कोणी लिहिलं?"

"मी."

"तुमचं स्वतःशी काही वैर आहे का?"

असल्या प्रश्नाला उत्तर द्यायचं नसतं.

"नीट ऐका," बाई म्हणाल्या. "मालकाला माहिती नव्हती आणि त्याच्या संमतीनं गाडी वापरली गेली नाही, हे कोर्टाला पटलं तर गाडी सुटू शकते. तेव्हा तुम्हाला काहीही माहीत नाही, हीच आपली बाजू. नाही ना माहीत?"

"सध्या नाही. पण मी शोध घेतोय."

"घेऊ नका. कृपा करून काहीही शोधून काढू नका. जे कळेल ते शपथेवर सांगावं लागेल."

सव्वीस वर्षं पानं मोजणाऱ्या माणसाला पुस्तक उघडू नको म्हणण्यातला हा प्रकार होता. मी उठलो. जिन्यात आल्यावर ही म्हणाली, छत्री वर राहिली, आणि परत गेली. दहा मिनिटांनी आली ती हात हलवत. पाऊस नव्हता आणि येताना छत्री आणलेलीही मला आठवत नव्हती. मी टिपून ठेवलं.

शोध मी घेतलाच, पण बेतानं. पंचनाम्याच्या प्रतीत बनियनाचं वर्णन होतं: 'काखेत हिरव्या दोऱ्याने रफू केलेले'. मेहुणा दोन दिवस आमच्याकडे राहायला आला तेव्हा गच्चीतल्या दोरीवर अप्पांचे चार बनियन वाळत होते. ते बाजूला सारून मी मेहुण्याच्या बनियनाची काख उलटी केली, तेवढ्यात तो मागे येऊन उभा राहिला.

"काय बघताय, भावजी?"

"माप," मी म्हणालो.

वाढदिवसाला आता आपल्याला बनियन मिळणार, असं तो बिचारा हिला सांगत होता.

जप्त गाड्यांचं आवार गावाबाहेर होतं. तिथं शेकडो गाड्या उन्हात उभ्या होत्या, काहींच्या खिडकीतून आत वेल गेले होते. आमच्या गाडीच्या टपावर एक मांजर राहायला आलं होतं. सुटे भाग चोरीला जातात असं काकांनी सांगितलं होतं, म्हणून मी दर रविवारी जाऊन चारी टायरांवर आणि दोन्ही आरशांवर खडूनं खुणा करून येत असे. तिसऱ्या रविवारी वकीलबाईंचा फोन आला. "तुम्ही गाडीभोवती काय काढताय? रखवालदारानं वहीत नोंद केलीय, संशयित इसम आवारात घुटमळताना आढळला." हे शब्द मी आयुष्यात इतरांसाठी वापरत आलो होतो. मला फार लागलं.

कोर्टात पहिल्या तारखेला न्यायाधीश रजेवर होते. दुसऱ्या तारखेला सरकारी वकिलांची फाईल सापडली नाही. तिसरी तारीख पडली ती लिलावाच्या बरोबर आठ दिवस आधीची. त्या दिवशी काका अर्धी इमारत घेऊन आले. मेहुणा शाळेच्या दोन फेऱ्यांमधून वेळ काढून खाकी कपड्यांतच आला होता. अप्पांना घेऊन ही मागच्या बाकावर बसली. एवढ्या त्रासानं त्यांना कशाला आणलं, असं मी विचारलं, तर म्हणाली, "घरात एकटे कसे ठेवू?" रोज तर ठेवते.

न्यायाधीशांनी मला पुढं बोलावून शपथ घ्यायला लावली आणि माझं वाक्य मोठ्यानं वाचलं. कोर्टात ते इमारतीतल्याइतकं चांगलं वाटलं नाही.

"टाचणीसुद्धा सुटत नाही म्हणता. मग बाटलीची कल्पना होती की नव्हती?"

वकीलबाईंनी मला दोनच शब्द पढवले होते: कल्पना नव्हती. रात्रंदिवस घोकले होते. पण मागे अर्धी इमारत बसलेली. माझ्या गाडीत, माझ्या स्टेपनीखाली, माझ्या नकळत?

"अगदीच कल्पना नव्हती असं नाही, साहेब," मी म्हणालो. "संशय होता."

वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले.

"कोणावर?"

मी हात उचलला आणि भिंतीला टेकून उभ्या असलेल्या मेहुण्याकडे केला. त्याचा चेहरा पांढराफटक पडला. दारूच्या खटल्यात नाव आलेल्या माणसाच्या हातात कोणती शाळा बस देईल, हे मला तेव्हा सुचलं नाही. खरं सांगायचं तर सुचलं, पण हात वर गेलेला होता.

"बस कर."

हा आवाज मी लहानपणी ऐकला होता. चाळीस पोरांचा वर्ग त्या आवाजानं चिडीचूप व्हायचा. अप्पा बाक धरून उभे राहिले होते. त्यांनी कोटाच्या आतल्या खिशातून प्लास्टिकच्या पाकिटातला एक कागद काढला.

"साहेब, बाटली माझी आहे. हा डॉक्टरांच्या शिफारशीचा परवाना. मुदत आहे, आणि एक बाटली बाळगायची मुभा आहे. पोराचा यात काही संबंध नाही. या दुसऱ्याचाही नाही."

कागद आधी सरकारी वकिलांकडे गेला, मग वर गेला. न्यायाधीशांनी तो उलटसुलट करून पाहिला. खोटा निघेना.

"आजोबा, हे आधीच का नाही दाखवलंत? गाडी अडकलीच नसती."

"दाखवणार होतो. पण मग मुलाला कळलं असतं."

"कळलं असतं तर काय झालं असतं?"

"त्यानं बाटलीवर रेघ मारली असती," अप्पा म्हणाले.

न्यायाधीशांनी फाईलची पानं मागं उलटली, एका पानावर थांबले. "ती मारलेलीच आहे, आजोबा. पंचनाम्यात नोंद आहे. शेजारी सहीसुद्धा आहे."

कोर्ट हसलं. काका सगळ्यांत जास्त हसले. अप्पा मात्र हसले नाहीत. ते सांगत राहिले, वर्गात सांगावं तसं, सावकाश. दर गुरुवारी ते आणि गणिताचे सर बुद्धिबळ मांडतात. सरांना आता फारसं काही आठवत नाही, अप्पांचं नावही नाही. पण एक एक झाकण घेतलं, की सर पटाकडे बघून म्हणतात, "मास्तर, तुमची खेळी." मग दोघं तासभर खेळतात. "त्याचाही परवाना आहे, साहेब," अप्पांनी घाईनं जोडलं, "मीच नवा करून आणतो. गाडी धरली तेव्हापासून नऊ गुरुवार झाले. तो विचारत असेल. कदाचित नसेलही आता विचारत."

मला लाज वाटली. उभ्या आयुष्यात इतकी वाटली नव्हती. माझ्या गाडीत दर गुरुवारी काय जातं, आणि माझी रेघ चुकवायला ते एरवीही स्टेपनीखालीच का राहतं, हे हिला माहीत होतं, मेहुण्याला माहीत होतं, हिनं छत्रीच्या निमित्तानं सांगितल्यामुळे वकीलबाईंनाही माहीत होतं. बाई फक्त अप्पांचा होकार मिळायची वाट बघत होत्या. आणि हिरव्या दोऱ्याचे टाके अप्पांच्या चारही बनियनांना होते. ते मी स्वतःच्या हातानं बाजूला सारले होते.

निकाल त्याच दिवशी लागला. गाडी सोडा, बाटली परवानाधारकाला परत करा. त्यातलं एक वाक्य हिनं मोठ्या अक्षरांत उतरवून कपाटाच्या दारावर लावलंय: 'सदर मालकास स्वतःच्या वाहनात काय चालते याची काडीमात्र कल्पना नव्हती, याबद्दल त्याचे एकंदर वागणे पाहून न्यायालयाची पूर्ण खात्री झाली आहे.' आमच्याकडे येणारा प्रत्येक जण ते वाचतो.

गाडी आणायला आम्ही चौघं गेलो. गुरुवार होता, अडीच वाजले होते. अप्पांनी घरूनच बूट घातले होते. मांजर टपावरून उतरायला तयार नव्हतं, ते मेहुण्यानं उतरवलं. माझ्याशी तो अजून बोलत नव्हता. आवारातल्या कारकुनानं कपाटातून बनियनाची गुंडाळी काढली, बाटली टेबलावर ठेवली आणि वही माझ्यापुढं सरकवली.

"वस्तू जशीच्या तशी मिळाली, असं लिहून सही करा."

मी बाटलीकडे पाहिलं. माझी निळी रेघ होती तिथंच होती. दारू तिच्या चांगली दोन बोटं खाली होती.

कारकून वर पंख्याकडे बघत होता. रखवालदार दारात उभा राहून नखं बघत होता. ही, मेहुणा आणि अप्पा, तिघंही माझ्याकडे बघत होते. सव्वीस वर्षं मी ज्या क्षणाची वाट पाहत होतो तो समोर होता. रेघ होती, सही होती, पंचनामा होता, चोर दोन हातांवर उभे होते. मी तोंड उघडलं असतं तर चौकशी लागली असती, पुन्हा पंचनामा झाला असता, आणि चौकशी संपेपर्यंत गाडी तिथंच राहिली असती. माझी जीभ शिवशिवत होती. भिंतीवरच्या घड्याळात पावणेतीन झाले होते.

"उन्हाळा कडक आहे यंदा," मी कारकुनाला म्हणालो. "आटते थोडी."

"आटते ना," तो पंख्याकडे बघतच म्हणाला.

मी लिहिलं, जशीच्या तशी मिळाली, आणि सही केली. बाहेर येऊन गाडीची किल्ली मी मेहुण्याच्या हातात दिली. त्यानं हिच्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि पुढं जाऊन बसला. गाडी तो बरी चालवतो.

वृद्धाश्रमात मी पहिल्यांदाच आत गेलो. गणिताचे सर खिडकीजवळ पट मांडून बसले होते. सोंगट्या जागच्या जागी होत्या, समोरची खुर्ची रिकामी होती. अप्पा तिच्यात बसले. बाटली उजेडात धरून त्यांनी रेघेकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"कमी आहे रे."

"उन्हानं आटली, अप्पा."

त्यांनी दोन झाकणं भरली. सरांनी आपलं झाकण घेतलं, पट न्याहाळला, आणि मान वर करून माझ्याकडे बोट दाखवलं.

"मास्तर, हे कोण?"

"माझा मुलगा," अप्पा म्हणाले. "याला काही कल्पना नसते."

"अजिबात नसते," मी म्हणालो, आणि खुर्ची फिरवून बाटलीकडे पाठ करून बसलो.